मागाचा खडखडाट चालतो, मग कुकरची शिट्टी का नाही? ऑटिझममधल्या तीव्र संवेदना: सोलापूरच्या नव्या पालकांसाठी

अशोक चौकाच्या मागच्या एका गल्लीत आमचं घर आहे, यंत्रमागाच्या कारखान्याला भिंत लागून. सकाळी माग सुरू झाले की मांडणीतले स्टीलचे डबे बारीक थरथरतात. पाहुणे आल्या आल्या विचारतात, "या आवाजात पोरगं झोपतं कसं ओ?" झोपतं, आणि गाढ झोपतं. पण स्वयंपाकघरात कुकरची एक शिट्टी झाली की तेच पोरगं कान दाबून पलंगाखाली शिरायचं. दोन वर्षं आम्ही याला नाटक म्हणत होतो. भिंतीपलीकडचे माग ज्याला चालतात त्याला एक शिट्टी चालत नाही, हे पटणार तरी कसं?

गेल्या महिन्या-दोन महिन्यांत ज्यांना डॉक्टरांकडून 'ऑटिझम' हा शब्द पहिल्यांदा ऐकायला मिळाला, त्यांच्यासाठी हे लिहिते आहे. मी डॉक्टर नाही. टॉवेलच्या कारखान्यात हिशोब लिहिते आणि अकरा वर्षांच्या ऑटिस्टिक मुलाची आई आहे. रोजकीर्द लिहायची सवय मुलाच्या बाबतीत कामाला आली, ती कशी ते पुढे येईलच.

आधी कान, दात, पोट

आवाजाला घाबरणाऱ्या मुलाचे कान कशाला तपासायचे, असं वाटेल. तरी तपासा. हाक मारल्यावर न वळणाऱ्या मुलाला ऐकू कमी येत असेल, कानात मळ किंवा पू असेल, किंवा सगळं ऐकू येत असूनही त्यातला कुठला आवाज आपल्यासाठी आहे ते निवडता येत नसेल. बाहेरून तिन्ही सारखंच दिसतं. लहान मुलांसाठी ओएई आणि बेरा या चाचण्या आहेत. बेरामध्ये मुलाला काही सांगावं लागत नाही. त्याच्या झोपेत डोक्याला तारा लावून कानाकडून मेंदूकडे जाणारा संदेश मोजतात.

ज्या मुलाला बोलता येत नाही ते 'दाढ दुखते' म्हणत नाही, गालावर मारून घेतं. पोट साफ नसेल तर अंगाला हात लावू देत नाही. कालपर्यंत सहन होणारी गोष्ट आज अचानक सहन होईना, तर आधी दुखणं शोधा. मूल मधेच टक लावून थिजत असेल, हातपाय झटकत असेल तर मोबाइलवर व्हिडिओ घ्या आणि डॉक्टरांना दाखवा. ऑटिझम असलेल्यांत फिट्सचं प्रमाण इतरांपेक्षा जास्त असतं.

मग मेंदूत काय चालतं ते समजून घ्या

हा भाग वगळून थेट 'काय करायचं' याकडे जाऊ नका. मी तसं केलं होतं आणि वर्ष वाया घालवलं.

कानावर पडलेला आवाज मेंदूपर्यंत आहे तसा पोचत नाही. मेंदूच्या मध्यभागी थॅलॅमस नावाचा भाग आहे. वास सोडला तर बाकी ज्ञानेंद्रियांचे निरोप इथूनच पुढे जातात. कुर्डुवाडी जंक्शनच समजा: कुठली गाडी पुढे काढायची आणि कुठली थांबवायची, याचा पहिला निवाडा इथे होतो. पुढे मेंदूच्या सालीत आवाजाचा, स्पर्शाचा, दृश्याचा अर्थ लागतो. शेजारीच अमिग्डाला नावाचा बदामाएवढा भाग 'धोका आहे का' हे तपासत बसलेला असतो.

आपल्या मेंदूला एक सोय आहे. पंख्याची घरघर, कमरेचा नाडा, हातातलं घड्याळ, सगळं दोन मिनिटांत विसरायला होतं. निरोप येत राहतात, मेंदू त्यांची किंमत कमी करत जातो. लॉस एंजेलिसमधल्या संशोधकांनी २०१५ मध्ये याचीच तपासणी केली. संवेदनांचा जास्त त्रास होणाऱ्या ऑटिस्टिक मुलांना मेंदूचा स्कॅन चालू असताना खरखरीत लोकरीचा स्पर्श दिला आणि रहदारीचा आवाज ऐकवला. या मुलांच्या अमिग्डालामध्ये आणि संवेदनांच्या भागांत प्रतिसाद जास्त होता. इतरांत तो जसा ओसरत जातो तसा तो यांच्यात ओसरला नाही. म्हणजे शर्टाचं लेबल आपल्याला सकाळी एकदा टोचतं, त्याला ते शाळा सुटेपर्यंत टोचतच राहतं. लेबल कापायच्या आधी मी त्याला किती वेळा रागावले, त्याचा हिशोब मात्र मी लिहिलेला नाही.

असं का होतं, यावर दोन-तीन मांडण्या आहेत. रुबेनस्टाइन आणि मर्झेनिक यांची २००३ ची मांडणी ब्रेकची आहे. मेंदूत काही चेतापेशी पुढच्या पेशीला चालना देतात, काही तिला थोपवतात. थोपवण्याचं काम मुख्यतः गाबा या रसायनाचं. ऑटिझमच्या काही प्रकारांत हा तोल चालनेकडे झुकलेला असावा, असं ते म्हणतात. सगळ्या मुलांना हे एकाच मापानं लागू होत नाही. त्यामुळे 'गाबा वाढवणारी पावडर' विकणारा कुणी भेटला तर नमस्कार करून निघून या.

आमच्या घरचं कोडं मात्र दुसऱ्याच मांडणीनं सुटलं. एलिझाबेथ पेलिकानो आणि डेव्हिड बर यांनी ती २०१२ मध्ये मांडली. मेंदू निरोपांची वाट बघत हातावर हात ठेवून बसत नाही. जुन्या अनुभवावरून पुढे काय येणार याचा अंदाज तो आधीच बांधतो. आलेली गोष्ट अंदाजाशी जुळली की तिच्याकडे फारसं लक्ष देत नाही, चुकली की दचकतो. ऑटिझममध्ये या जुन्या अनुभवाचं वजन कमी पडतं, असं त्यांचं म्हणणं. जग येतं ते दर वेळी नवंकोरं, धार न बोथटता.

आता माग आणि कुकर शेजारी ठेवून बघा. माग सकाळपासून एकाच तालात ठोकत असतो. पुढचा ठोका मागच्यासारखाच असणार, त्यात अंदाज बांधण्यासारखं काही उरतच नाही. कुकर गप्प बसतो, फुसफुसतो, आणि कधी किंचाळेल याचा नेम नसतो. शिट्टीपेक्षा शिट्टीची वाट बघणं वाईट. कारखान्याला सुट्टी असली की आमचा मुलगा चिडचिडा होतो, हेही मग उलगडलं: त्या दिवशी भिंत गप्प असते आणि गल्लीतला प्रत्येक हॉर्न सुटा ऐकू येतो. हे माझं घरगुती जोडकाम आहे, त्यावर कुणी प्रयोग केलेला नाही. पण तेव्हापासून आवाज किती मोठा हे मी नंतर बघते. तो येणार हे त्याला माहीत होतं का, हे आधी.

तीक्ष्णपणा खरा, पण घारीचे डोळे खोटे

हाच कान उलट्या बाजूनंही चालतो. भिंतीपलीकडचा एखादा माग बिघडायला लागला की मुलगा म्हणतो, "तिसरा लंगडायलाय." मला काहीच फरक कळत नाही. कारखान्यात माग दुरुस्त करणाऱ्या जॉबरकाकांना दोनदा सांगून बघितलं, दोन्ही वेळा त्याचंच बरोबर निघालं. तेव्हापासून ते गल्लीतून जाताना त्याला 'साहेब' म्हणतात.

यात चमत्कार नाही. अमिता शाह आणि उटा फ्रिथ यांनी १९८३ मध्येच दाखवलं होतं की गुंतागुंतीच्या चित्रात लपलेला आकार शोधण्यात ऑटिस्टिक मुलं सरस ठरतात. कॅनडातले लॉरेंट मॉट्रन आणि त्यांचे सहकारी २००६ मध्ये आणखी पुढे गेले. बारकावे टिपण्याची ही ताकद कुठल्या उणिवेची भरपाई नाही, या मेंदूची जडणघडणच तशी आहे, असं त्यांनी मांडलं. सुरांचा बारीक फरक ओळखणं, एकाच वेळी चाललेल्या अनेक आवाजांतून एक वेगळा काढणं, अशा गोष्टींतही काही जण पुढे असल्याचं दिसलं आहे. सगळेच नसतात. आणि जितकं जास्त आत येतं तितका जंक्शनवर घोटाळाही जास्त.

व्हॉट्सअॅपवर मात्र जपून. 'ऑटिझमच्या मुलांना घारीसारखं दिसतं' असा एक मजकूर फिरतो. त्याचं मूळ २००९ मधल्या एका अभ्यासात आहे. मोजण्याची पद्धत चुकल्याची टीका लगेच झाली, आणि २०११ मध्ये त्याच गटातल्या काही संशोधकांनी टीकाकारांना सोबत घेऊन पुन्हा मोजलं तेव्हा ऑटिस्टिक लोकांची नजर इतरांसारखीच निघाली. हा दुसरा अभ्यास कुणी फॉरवर्ड करत नाही.

जाता जाता शब्दाबद्दल. मराठीत ऑटिझमला 'स्वमग्नता' म्हणतात, सरकारी कागदांवरही तोच शब्द येतो. मला तो पटत नाही. आमचं पोर स्वतःत मग्न असतं तर शिट्टीनं पलंगाखाली गेलं असतं का? बाहेरचं जगच त्याच्या आत फार येतं. १९४३ मध्ये लिओ कॅनर यांनी अकरा मुलांचं वर्णन करून ऑटिझमची ओळख करून दिली, त्यातही मोठ्या आवाजांची धास्ती नोंदलेली आहे. तरी अमेरिकी निदान-नियमावलीत संवेदनांचा मुद्दा अधिकृतपणे यायला २०१३ साल उजाडलं. डॉक्टरांनी हे सगळं पहिल्याच भेटीत सांगितलं नसेल तर फार वाईट वाटून घेऊ नका.

दोन आठवडे वही

साधी दोनशे पानी वही घ्या. त्रास झाला की पाच गोष्टी लिहा: वाजले किती, कुठे होतो, त्याआधीच्या दहा मिनिटांत काय ऐकू आलं, दिसलं, वास आला, अंगाला लागलं, मुलानं काय केलं, आणि कशानं शांत झालं. 'हट्ट केला', 'उगाच रडला' असं लिहायचं नाही. 'कान दाबले, भिंतीकडे तोंड केलं, सात मिनिटं' असं लिहायचं. हिशोबाच्या वहीत आपण 'बराच खर्च झाला' लिहितो का?

जेवण, झोप आणि संडासही लिहा. कंटाळवाणं वाटेल, पण आमच्या वहीत दुसऱ्या आठवड्यात जे दिसलं ते याशिवाय दिसलं नसतं. रोज संध्याकाळी साडेसहाच्या सुमाराला तो भडकायचा. मी टीव्हीला दोष देत होते. वहीत बघितलं तर सुट्टीच्या दिवशी टीव्ही असूनही त्या वेळी शांतता. शाळेच्या दिवशी दुपारी एकनंतर पाणीच प्यायलेला नसायचा, कारण शाळेच्या नळापाशी बाकीची पोरं धक्काबुक्की करत. उन्हाळ्याच्या तोंडावर, चाळीस अंशांत! तहान लागली हे त्याला कळत नव्हतं. उरायचा तो नुसता राग.

इथे एक गोष्ट शिकले. ज्ञानेंद्रियं पाच नाहीत. शाळेत शिकवलेल्या पाचांशिवाय तोलाची जाणीव असते, आणि सांध्या-स्नायूंची जाणीव, म्हणजे डोळे मिटूनही हात कुठे आहे ते कळणं. शिवाय आतली जाणीव: भूक, तहान, लघवी, धडधड. आठही ठिकाणी मूल 'जास्त' किंवा 'कमी' असू शकतं. एकच मूल आवाजात जास्त, दुखण्यात कमी. आमच्याकडे गुडघा फुटून रक्त आलं तरी पत्ता नसतो, आणि केसांना तेल लावायचं म्हटलं की आकांत. गोल गोल फिरणं, उड्या, भिंतीला अंग घासणं हे बहुतेक वेळा कमी पडणारी जाणीव भरून काढणं असतं. त्यापासून इजा होत नसेल तर थांबवू नका.

घरात काय बदलायचं

सगळं एकदम बदलू नका. वहीत सर्वांत जास्त वेळा आलेली गोष्ट आधी घ्या.

आमच्याकडे कुकर. आता लावण्याआधी सांगते, "तीन शिट्ट्या होणार." तो बोटं मोजतो. तिसरी झाली की गॅस तोच बंद करतो, मी शेजारी उभी असते. कुकर तोच आणि आवाजही तितकाच, पण पलंगाखाली जाणं तीन महिन्यांत थांबलं. मिक्सरला हा उपाय चालला नाही. शेंगाचटणी करायची असली की तो आधी गच्चीवर जातो, आणि सासूबाई म्हणतात तेही खरं, उखळात कुटलेली चांगली लागते.

ट्यूबलाइट बघा. जुन्या चोकची असेल तर वीज ५० हर्ट्झची असल्यामुळे ती सेकंदाला १०० वेळा लुकलुकते. आपल्याला दिसत नाही, काही मुलांना त्रास देते. चोकची गुणगुण वेगळीच. चांगला एलईडी लावा. तोही लुकलुकत नाही ना, हे मोबाइलचा कॅमेरा समोर धरून बघा. पडद्यावर पट्टे सरकताना दिसले तर परत करा.

कपडे सुती, जुने, लेबल कापलेले. नवा टॉवेल चार वेळा धुतल्याशिवाय त्याच्या अंगाला लावायचा नाही. टॉवेलच्या गावात राहून हे मला उशिरा कळलं. हळुवार गोंजारणं अनेक मुलांना बोचतं, घट्ट दाब बरा वाटतो. टेंपल ग्रँडिन या ऑटिस्टिक शास्त्रज्ञ बाईंनी तरुणपणी स्वतःसाठी दाब देणारं यंत्र बनवलं होतं. आमचं यंत्र म्हणजे सोलापुरी चादर. चांगली जाड, दुहेरी करून खांद्यापासून पायापर्यंत गुंडाळली की तो हसतो. तोंड-नाक कधीच झाकायचं नाही, गुंडाळी त्याला स्वतःला सोडवता आली पाहिजे, आणि मे महिन्यात हा प्रकार बंद. बाजारात वजनदार ब्लँकेट महाग मिळतं. झोप वाढेल म्हणून घेणार असाल तर २०१४ ची ब्रिटनमधली चाचणी ऐकून घ्या: झोप वाढली नाही, मुलांना आणि पालकांना ते आवडलं मात्र. आवडण्यासाठी घ्यायचं तर चादर आहेच.

जेवणात जबरदस्ती नको. आमचा मुलगा कडक भाकरी कुरकुर चावतो, आमटीत बुडवलेली तोंडात घेत नाही. कडक पदार्थ चावताना जबड्याला जोर लागतो आणि तो जोर काहींना शांत करतो. मऊ-ओलं-मिसळलेलं तोंडात गेलं की पुढच्या घासात काय येईल याचा भरवसा नसतो. परत कुकरचीच गोष्ट. ताटात पदार्थ एकमेकांना लागू देऊ नका. नवा पदार्थ आधी ताटाबाहेरच्या वाटीत, मग वास, मग जीभ, आठवडे गेले तरी चालतील. खाण्याचे प्रकार कमी कमी होत पाच-सहावर आले किंवा वजन उतरायला लागलं तर मात्र डॉक्टर.

बाहेर: गड्डा, कटिंग, शाळा

जानेवारीत सिद्धेश्वरांची यात्रा, म्हणजे आमचा गड्डा, म्हटल्यावर सोलापूरकर घरात कसा बसेल? पहिल्या वर्षी आम्ही ऐन संध्याकाळी होम मैदानावर गेलो. पाळण्यांचे भोंगे, जनरेटर, भजी तळणाऱ्या तेलाचा वास, धूळ, रोषणाई, गर्दीचे खांदे. अर्ध्या तासात मुलगा जमिनीवर आडवा, आणि भोवती जमलेल्या बायकांचे सल्ले: "दोन ठेवून द्या की ओ!"

आता आमची पद्धत अशी. आदल्या आठवड्यात फोटो दाखवायचे. पहिल्या दिवशी सकाळी जायचं, स्टॉल उघडायच्या आधी, नुसतं मैदान बघून यायचं. दुसऱ्या दिवशी दुपारी, एकच पाळणा, एकच खाऊ. परतीची वेळ आधी सांगायची आणि पाळायची. 'अजून पाच मिनिटं' म्हणणारे आपणच असतो. नंदीध्वजांची, म्हणजे मानाच्या उंच काठ्यांची, मिरवणूक तो एका नातेवाइकांच्या गच्चीवरून बघतो. खाली 'हर्र बोला हर्र' चालू असताना वर उभ्या उभ्या सातही काठ्या मोजतो. शोभेच्या दारूकामाच्या रात्री आम्ही दारं-खिडक्या लावून घरी.

कानावर बसणारे इअरमफ कामगारांच्या सुरक्षेचं सामान विकणाऱ्या दुकानात मिळतात. खरं तर मागाच्या शेडमधला आवाज ९० डेसिबलच्या वर जातो, तिथल्या माणसांनी ते आधी घालायला हवेत, पण तो वेगळा विषय. मुलाला ते दिवसभर घालू देऊ नका. कान सतत झाकले की मेंदू उलट आवाज वाढवून ऐकायला लागतो. मिरवणूक, लग्नाचा बँड, रेल्वे स्टेशन एवढ्यापुरते ठेवा. आणि रात्री दहा ते सकाळी सहा लाउडस्पीकर लावायला कायद्यानं बंदी आहे, २००० च्या ध्वनिप्रदूषण नियमांप्रमाणे. तक्रार करताना कचरू नका.

कटिंगला मंगळवारी दुपारी जा, दुकान रिकामं असतं. मशीन नको, कात्री. फवारा नको. मानेवर आपल्या घरचा टॉवेल.

शाळेत सगळ्याच मागण्या एकदम ठेवू नका. आम्ही तीनच ठेवल्या: घंटेपासून आणि खिडकीपासून लांबचा बाक, घंटेच्या आधी बाईंची एक खूण, आणि मधल्या सुट्टीनंतर पाणी पिण्याची आठवण. पहिल्या शाळेत उत्तर मिळालं, "एकासाठी आम्ही काय काय करायचं?" दुसऱ्या शाळेतल्या बाईंनी तिन्ही गोष्टी पैसे न लागता करून दाखवल्या.

फुटलंच तर

सगळं करूनही कधीतरी फुटतंच. हट्ट असेल तर मूल अधूनमधून तुमच्याकडे बघतं आणि हवं ते मिळालं की थांबतं. संवेदनांचा कडेलोट असेल तर काही दिलं तरी थांबत नाही. त्या वेळी बोलणं बंद करा, समजावणं हाही आवाजच असतो. दिवा कमी, माणसं कमी, डोकं आपटू नये म्हणून उशी. मागितल्याशिवाय मिठी मारू नका. जवळ बसा, बाजूला तोंड करून. संपल्यावर पाणी द्या, आणि चौकशी दुसऱ्या दिवशी.

थेरपी आणि कागद

ऑक्युपेशनल थेरपिस्ट चांगला मिळाला तर फार मदत होते, विशेषतः कपडे, जेवण, लिहिणं अशा रोजच्या कामांत. 'सेन्सरी इंटिग्रेशन' (संवेदनांचा मेळ घालणं) हा शब्द सगळीकडे ऐकाल. तो १९७० च्या दशकात जीन आयर्स यांच्या कामातून आला. झोपाळे, ब्रश, बॉलचे हौद यांचा मुलांना आनंद होतो यात शंका नाही. पण २०२२ मध्ये ब्रिटनमध्ये प्रसिद्ध झालेल्या १३८ मुलांच्या चाचणीत ही थेरपी नेहमीच्या मदतीपेक्षा वरचढ ठरली नाही. म्हणून कर्ज काढून पॅकेज घेऊ नका. दोन-तीन महिन्यांसाठी एक मोजता येईल असं उद्दिष्ट ठरवा, 'नखं कापताना दोन मिनिटं बसणं' असं, आणि वहीत बघा. स्टेम सेल, चिलेशन (औषधानं अंगातले धातू काढणं), ऑक्सिजनची टाकी: यांतलं काहीच नको. पुरावा नाही, धोका आहे.

कागदांचं थोडक्यात. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यातल्या २१ प्रकारांत ऑटिझम आहे. स्वावलंबन पोर्टलवर यूडीआयडी कार्डासाठी (दिव्यांगांचं ओळखपत्र) अर्ज करायचा, मग सरकारी रुग्णालयात तपासणी; सोलापुरात बहुतेकांची फेरी सिव्हिलला होते. तिथे 'इसा' ही ४० प्रश्नांची भारतीय मोजपट्टी वापरतात आणि तिचा एक विभाग संवेदनांचाच आहे. उत्तरं आठवून देण्यापेक्षा वही घेऊन जा. रांगेत वेळ जातो. पाणी, कोरडा खाऊ, इअरमफ आणि एक जास्तीचं माणूस सोबत हवंच, मूल बाहेर फिरवायला. कार्ड झालं की केंद्र सरकारच्या नॅशनल ट्रस्टच्या 'निरामय' आरोग्य विम्याची चौकशी करा, वर्षाला एक लाखापर्यंत संरक्षण असतं.

वहीचं शेवटचं पान

दोन आठवड्यांनी वहीचा सार एका पानावर काढा, इतरांसाठी. मोठ्या अक्षरात, दहा ओळींच्या आत. आमच्या पानावर सध्या हे आहे:

मोठा आवाज होणार असेल तर आधी सांगा.
पाठीमागून हात लावू नका.
दर दोन तासांनी पाणी विचारा, तो मागणार नाही.
पडला तर रडला नाही म्हणून सोडू नका, कपडे वर करून बघा.
ताटात आमटी वेगळ्या वाटीत.
हात हलवत असेल तर हलवू द्या.
खाली बसून कान दाबले तर बोलू नका, गर्दी हटवा, आईला फोन करा.

आठवी ओळ त्यानं स्वतः सांगून लिहून घेतली: माग बंद पडला तर मला विचारा.

याच्या चार झेरॉक्स काढा. एक शाळेत, एक आजोळी, एक रिक्षावाल्या मामांकडे, एक मुलाच्या दप्तराच्या पुढच्या कप्प्यात. दर सहा महिन्यांनी पान बदला, कारण ओळी जुन्या होतात. यंदा आमची पाण्याची ओळ खोडायची वेळ आली आहे.